शाळेचा नियम आणि आजोबांचे क्लार्क्स: बर्मिंगहॅममधलं एक प्रकरण

प्रकरण थोडक्यात

बर्मिंगहॅममधल्या एका माध्यमिक शाळेत इयर टेनचा, म्हणजे चौदा-पंधरा वर्षांचा जमैकन वंशाचा एक मुलगा वारलेल्या आजोबांचे तपकिरी स्वेडचे (मखमलीसारख्या चामड्याचे) वॉलबी, म्हणजे क्लार्क्स कंपनीचे एका प्रकारचे बूट, घालून आला, शाळेने ते बदलायला सांगितले, त्याने नकार दिला, आणि तिथून सुरू झालेलं भांडण गव्हर्नरांच्या तक्रार पॅनेलपर्यंत आलं. मी त्या शाळेची गव्हर्नर आहे (बिनपगारी काम, आपल्याकडे शाळेच्या समितीवर पालक असतात साधारण तसंच) आणि पॅनेलवरच्या तिघांपैकी एक होते. घरच्यांना विचारूनच लिहितेय, नावं कुठेच नाहीत, ओळख पटेल असे तपशील बदललेत किंवा गाळलेत, पण निर्णय कुठल्या क्रमाने झाले आणि कुठे अडकले ते जसंच्या तसं ठेवलंय.

मराठीत लिहायचं कारण सांगते. इंग्लंडात आपली बरीच मंडळी शाळांमधे शिकवतात, गव्हर्नर आहेत, पालक तर आहेतच, आणि शाळेत संस्कृतीचा विषय निघाला की आपल्या डोळ्यासमोर पटकन शिखांचं कडं, पगडी, हिजाब, फार तर टिकली असं काहीतरी येतं. दुकानातून पैसे मोजून घेतलेला ब्रँडेड बूट येत नाही, तोही इंग्लंडातल्याच कंपनीचा. इथे प्रश्न नेमका त्या बुटाचा होता.

पार्श्वभूमी: हा बूट जमैकाचा कसा झाला

क्लार्क्स ही कंपनी 1825 सालची. सॉमरसेटमधल्या स्ट्रीट नावाच्या छोट्या गावात सायरस आणि जेम्स या क्लार्क भावांनी सुरू केलेली, क्वेकर या ख्रिस्ती पंथाचं घराणं, मेंढीच्या कातड्याच्या उरलेल्या तुकड्यांपासून घरात घालायच्या सपाता शिवायच्या इथून सुरुवात. आज इंग्लंडात क्लार्क्स म्हणजे काय असं कुठल्याही गोऱ्या मध्यमवर्गीय माणसाला विचारा, तो सांगेल की ऑगस्टच्या शेवटी आईने हात धरून दुकानात नेलेलं, पायाची लांबी-रुंदी मोजून घेतलेली आणि शाळेचे काळे बूट घेऊन दिलेले. म्हणजे शिस्त, टापटीप, शाळा सुरू होण्याची चाहूल.

आता याच कंपनीचा डेझर्ट बूट घ्या. नेथन क्लार्क 1941 मधे लष्करात असताना ब्रह्मदेशात होता, तिथे त्याने काही अधिकाऱ्यांच्या पायात स्वेडचे, क्रेप रबराच्या तळाचे घोट्यापर्यंतचे बूट पाहिले, ते त्यांनी कैरोच्या बाजारातून आणले होते. त्यावरून त्याने डिझाइन केलं, घरच्या कंपनीत फार उत्साह नव्हता, पण 1949 ला शिकागोच्या बुटांच्या प्रदर्शनात लोकांना तो आवडला आणि 1950 ला बाजारात आला. वॉलबी साठच्या दशकाच्या उत्तरार्धातला, एका जर्मन कंपनीच्या मोकॅसिनवरून (मऊ चामड्याच्या सपाट बुटावरून) घेतलेला आणि बरीच वर्षं आयर्लंडमधल्या किल्केनीच्या कारखान्यात बनलेला. म्हणजे ज्याला आपण इंग्लिश बूट म्हणतो त्यातच कैरो, ब्रह्मदेश, जर्मनी, आयर्लंड सगळं आहे. हे मी मुद्दाम आधी सांगतेय कारण पुढे 'पण हा मूळचा त्यांचा नाहीच' हा मुद्दा पॅनेलमधे पुन्हा पुन्हा आला.

जमैकात हे बूट गेले आणि तिथल्या लोकांनी त्याचं वेगळंच काहीतरी केलं. डेझर्ट बूटला क्लार्क्स बूटी म्हणायला लागले. सत्तरच्या दशकात डेझर्ट ट्रेक आला, मधोमध शिवण असलेला, टाचेवर पाठीला पिशवी लावलेल्या माणसाचं चित्र असलेला, त्याचं नाव तिथे बँक रॉबर पडलं. किंग्स्टनच्या गल्लीतल्या रूड बॉय, म्हणजे टारगट पोरांनी तो घातला, रस्त्यावर मोठे स्पीकर लावून गाणी वाजवणाऱ्या साउंड सिस्टीमवाल्यांनी, रेगे गायकांनी घातला, पँट बूट दिसेल अशी शिवून घ्यायची, स्वेडवरची धूळ टूथब्रशने काढायची आणि काहीजण तर तो ब्रश मागच्या खिशात घेऊनच फिरायचे. सत्तरच्या दशकात मायकेल मॅनली यांच्या सरकारच्या काळात परदेशी चलनाची टंचाई होती आणि आयातीवर कडक बंधनं होती, त्यामुळे मिळणं अवघड, म्हणून किंमत आणखी वाढली, पैशातली पण आणि मानातली पण. ज्याचं कोणी इंग्लंडात आहे त्याच्याच पायात दिसणार! गरीब वस्तीतल्या पोराच्या पायात असा महाग बूट दिसला की पोलीस संशय घ्यायचे, मारहाण करायचे, अशा आठवणी त्या काळातले लोक सांगतात. पुढे 2010 मधे व्हाइब्ज कार्टेल या डान्सहॉल (रेगेतून निघालेलं जमैकन संगीत) गायकाचं या कंपनीच्या नावाचंच गाणं आलं आणि बेटावर मागणी इतकी वाढली की दुकानांतला माल संपायला लागला, भाव चढले. यात कंपनीची योजना नव्हती, कंपनीने जमैकाचं नाव घेऊन मार्केटिंग करायच्या कितीतरी वर्षं आधी लोकांनी हे सगळं करून ठेवलं होतं.

पार्श्वभूमी: घर

मुलाचे आजोबा साठच्या दशकाच्या सुरुवातीला जमैकाहून बर्मिंगहॅमला आले, आधी फाउंड्रीत आणि नंतर बसवर नोकरी केली. आजी हॉस्पिटलात. दोघं राहिले हँड्सवर्थच्या बाजूला, जिथे कॅरिबियन आणि पंजाबी घरं एकाच रस्त्यावर भिंतीला भिंत लावून आहेत. आजोबा वर्षभर पैसे बाजूला टाकायचे आणि क्लार्क्सचे जोड घ्यायचे, स्वतःला एक आणि बाकी गावाकडे. जमैकन घरांमधे मोठमोठी पिंपं भरून तिकडे पाठवायची पद्धत आहे, तांदूळ, साबण, कपडे, वह्या, त्या पिंपात हे बूट जायचे, भावासाठी, भाच्यांसाठी, आणि स्वतः गेले की सुटकेसमधून. तर इंग्लंडचा बूट जमैकात नेणारे व्यापारी होते तसेच हे आजोबाही होते. मला स्वतःला या केसमधली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच वाटते. आयात करणारं तेच घर होतं.

आजोबा हिवाळ्यात वारले. जमैकन रिवाजाप्रमाणे नाइन नाइट झाली, नऊ रात्री लोक येतात, भजनं म्हणतात, डॉमिनो खेळतात, जेवण, रम, आणि नवव्या रात्री आत्म्याला निरोप देतात. (आपल्याकडच्या दहाव्या-तेराव्याला सुतक म्हणून घर गप्प असतं, इथे घर भरून वाहतं, पण दिवस मोजायचे आणि मग सोडायचं हे तेच.) त्या वेळी आजोबांच्या वस्तू वाटल्या गेल्या. तपकिरी वॉलबी नातवाला मिळाले कारण पायाचं माप तेच. अंत्यविधीला त्याने तेच घातले आणि पुढच्या सोमवारी शाळेत पण तेच घालून आला.

प्रश्न काय होता

शाळेचा नियम: बूट काळे, साधे, चामड्याचे, पॉलिश होणारे. ट्रेनर्स नाहीत, कॅनव्हास नाही, स्वेड नाही. म्हणजे वॉलबी दोन ठिकाणी अडकतात, रंगात आणि स्वेडमधे.

गेटवर शिक्षक उभे असतात, ज्याचे बूट चुकीचे त्याला एका खोक्यातले शाळेचे बूट दिवसभर वापरायला देतात. पद्धत चांगल्या हेतूने सुरू झालेली आहे, कोणाचे बूट फाटले असतील तर घरी पाठवायला नको म्हणून. मुलाने ते खोक्यातले बूट घालायला नकार दिला, दिवसभर आयसोलेशनच्या, म्हणजे शिक्षा म्हणून वेगळं बसवायच्या खोलीत बसला. दुसऱ्या दिवशी तेच बूट, तेच आयसोलेशन. तिसऱ्या दिवशी तो काहीतरी उलट बोलला आणि एका दिवसासाठी सस्पेंड झाला. शाळेच्या सिस्टीममधे नोंद झाली ती सतत अवज्ञा अशी. आजोबा वारलेत हे शाळेला माहीत होतं, अंत्यविधीची रजा मंजूर झाली होती, पण बुटांची नोंद करणारा माणूस आणि रजेची नोंद करणारा माणूस वेगळा, आणि तीन दिवसांत कोणीच मुलाला विचारलं नाही की हेच बूट का.

आईने लेखी तक्रार केली. तिचं म्हणणं, हे बूट आमच्यासाठी सांस्कृतिक आहेत, शाळेने वांशिक भेदभाव केलाय. हेडटीचरांनी उत्तर दिलं की नियम सगळ्यांना सारखा आहे आणि क्लार्क्स हा मुळात ब्रिटिश ब्रँड आहे, तो एका समाजाचा कसा म्हणायचा. आई चिडली आणि प्रकरण आमच्याकडे आलं.

हेडटीचरांच्या त्या वाक्यात लबाडी नव्हती. त्यांच्या लहानपणी क्लार्क्स म्हणजे शाळेने सांगितलेले बूट, नियम पाळणाऱ्या मुलाचे बूट. त्याच कंपनीचा बूट नियम मोडणाऱ्याच्या पायात बघून त्यांना हा हट्ट वाटला. आणि आईच्या लहानपणी क्लार्क्स म्हणजे रविवारी वडील अंगणात बसून टूथब्रशने घासतायत ते. एकच कंपनी, एकच शहर, दोघांचं वय पण जवळपास एकच.

कायदा काय म्हणतो

हे थोडक्यात उरकते पण सांगायला हवं. 2010 च्या इक्वॅलिटी अॅक्टमधे अप्रत्यक्ष भेदभाव म्हणून कल्पना आहे: नियम वरवर सगळ्यांना सारखा, पण एका वांशिक गटाला तो जास्त जाचतो आणि संस्थेला त्याचं योग्य कारण देता येत नाही. 2008 मधे वेल्समधल्या एका शीख मुलीच्या कड्यावरून हायकोर्टाने शाळेविरुद्ध निकाल दिला. 2011 मधे लंडनमधल्या एका आफ्रिकन-कॅरिबियन मुलाच्या कॉर्नरोज वेण्यांवरून (डोक्याला घट्ट चिकटून ओळीने घातलेल्या) परत तसाच निकाल, आणि तो आमच्या दृष्टीने जास्त जवळचा, कारण तिथे धर्म नव्हता, घरातली पुरुषांनी केस न कापण्याची परंपरा होती आणि कोर्टाने ती ओळखीचा भाग म्हणून मानली.

पण केस अंगावर उगवतात आणि कडं हे शीख धर्माच्या पाच ककारांपैकी एक. बुटाचं तसं नाही. बूट घातले नाहीत तर जमैकन माणूस जमैकन राहत नाही असं कोणी म्हणणार नाही, त्याची आई पण म्हणत नव्हती. त्यामुळे कायद्याच्या जोरावर निकाल लागेल अशी खात्री दोन्ही बाजूंना नव्हती, आणि खरं सांगायचं तर त्यामुळेच लोक बोलायला तयार झाले.

कोणते पर्याय होते

पहिला पर्याय शाळेचाच, नियम तो नियम, तक्रार फेटाळायची. याच्या बाजूने एक वजनदार मुद्दा होता आणि तो पैशांचा होता. वॉलबी शंभर पाउंडाच्या वर जातात. युनिफॉर्मचा खर्च कमी ठेवा, ब्रँडेड वस्तू कमीत कमी ठेवा असा 2021 चा कायदा आणि सरकारी सूचना आहेत. आमच्याकडची कितीतरी मुलं सुपरमार्केटमधले पंधरा-वीस पाउंडाचे बूट घालतात, त्यांच्यासमोर एक महाग ब्रँड संस्कृती म्हणून आत घ्यायचा का? पॅनेलवरचे बाहेरून आलेले सदस्य यावर अडून होते आणि त्यांचं चूक नव्हतं.

दुसरा पर्याय आईने मागितलेला, जमैकन वंशाच्या मुलांना क्लार्क्स घालायची अधिकृत सूट. ऐकायला उदार वाटतं. पण मग गेटवर शिक्षक काय विचारणार, तू जमैकन आहेस का? घाना किंवा नायजेरियाच्या मुलाला नाही? ज्याची आई गोरी आणि वडील जमैकन त्याला? आणि उद्या कोणाच्या आजीने ठरवलं की आमच्याकडे हे बूट चालत नाहीत, तर शाळा त्या घराला तुमची संस्कृती हीच असं सांगणार का? हा शेवटचा प्रश्न कल्पनेतला नव्हता, तो आजींनी प्रत्यक्ष उभा केला, त्याकडे येते.

तिसरा पर्याय, दुःखाच्या काळापुरती सवलत. ठरावीक आठवडे बूट घालू दे, मग नेहमीचे. शाळेला हा फार आवडला कारण त्यात कोणाला काही कबूल करावं लागत नव्हतं. मुलाला बिलकुल आवडला नाही.

चौथा, नियमाचे शब्दच तपासायचे. काळे का, पॉलिश होणारेच का, स्वेड का नाही. हा पर्याय सुरुवातीला कोणी मांडलाच नव्हता, तो आजींशी बोलल्यावर पुढे आला.

काय केलं

पॅनेलच्या पहिल्या बैठकीत कागदांवरच चर्चा झाली आणि ती नुसती गोल फिरली. 'मूळचं त्यांचं नाही' हा मुद्दा कोणीतरी काढायचं, मग कोणीतरी रेगेचा उल्लेख करायचं, मग कार्टेलचं नाव निघायचं आणि लगेच कोणीतरी म्हणायचं की तो गायक तर खुनाच्या गुन्ह्यात तुरुंगात होता. (होता, 2014 ला शिक्षा झाली होती आणि 2024 मधे लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे जमैकाच्या शेवटच्या अपील कोर्टाने, ती रद्द केली. पण एका गायकाच्या खटल्याचा या मुलाच्या आजोबांच्या बुटांशी काय संबंध, हे मी तिथेच विचारलं.)

मी त्या बैठकीत पालखीचं उदाहरण दिलं. आळंदीहून ज्ञानेश्वरांच्या आणि देहूहून तुकोबांच्या पादुका पालखीत ठेवून लाखो माणसं पंढरपूरला चालत जातात. एरवी आमच्याकडे पायातलं उंबऱ्याच्या आत येत नाही, चप्पल दाखवणं हा अपमान, आणि त्याच समाजात पायातली वस्तू माणसाच्या जागी मानून तिच्यापुढे डोकं टेकवतात. वस्तू हलकी की भारी हे ती कुठल्या सामानाची आहे यावरून ठरत नाही, तिच्यामागून कोण चालतंय त्यावरून ठरतं. सदस्यांना मुद्दा पटला, पण बाहेरून आलेल्या सदस्यांनी बरोबर प्रश्न विचारला, की मग या बुटांमागे कोण आहे ते आपल्याला माहितीये का? माहीत नव्हतं. म्हणून ठरलं की निर्णयाआधी घरच्यांशी नीट बोलायचं, आई, आजी आणि मुलगा, प्रत्येकाशी वेगळं.

हा पहिला खरा निर्णयबिंदू. प्रक्रियेत तशी सक्ती नव्हती, एकत्र सुनावणी घेऊन निकाल देता आला असता.

आजींनी सगळ्यांनाच चकित केलं. त्या चर्चमधल्या, पेंटेकोस्टल, रविवारी हॅट घालून जाणाऱ्या, आणि त्यांना हे बूट शाळेत घातलेले अजिबात पसंत नव्हते. त्यांनी सांगितलं, "आमच्या वेळी तिकडे हे बूट टारगट पोरांचे. माझ्या आईने मला बजावलं होतं, क्लार्क्स घालणाऱ्याशी लग्न करायचं नाही. मी केलं." मग म्हणाल्या की नवरा तसा नव्हताच, फाउंड्रीतून आला की हात धुवून आधी बूट बघायचा, पण त्यांना कायम भीती असायची की हे बूट घालून तो रात्री बाहेर पडला तर पोलीस अडवतील, तिकडे अडवायचे तसे इथे पण. आणि पोलिसांनी अडवलंही होतं, एकदा नाही. आता नातवाने तेच घालून शाळेत जावं आणि शाळेने त्याला वेगळ्या खोलीत बसवावं, हे ऐकून त्यांना आधी नातवाचा राग आला आणि मग शाळेचा, या क्रमाने.

मी त्यांना विचारलं की मग हे बूट जमैकाचे आहेत की नाहीत? त्या बराच वेळ बोलल्या पण सरळ हो-नाही दिलं नाही. सांगायच्या त्या गोष्टी अशा: पिंपात बूट ठेवताना आतमधे मोजे आणि साबण कोंबायचे म्हणजे आकार बसत नाही. दिराने लग्नात घातले. भाच्याचे चोरीला गेले तर आख्खं गाव शोधत होतं. माझ्या मते ते उत्तरच होतं.

आईचं म्हणणं वेगळं. ती इथे जन्मलेली, तिच्या लहानपणी इथल्या शाळेत तिला कायम तू खरी कुठली हे विचारलं गेलेलं. तिच्यासाठी हे बूट म्हणजे अभिमानाने दाखवायची खूण, आणि टारगट वगैरे शब्द तिला आजींच्या तोंडून पण चालत नव्हते. एकाच घरात, एकाच जोडीबद्दल दोन मतं. संस्कृतीचं प्रतीक म्हटलं की सगळ्यांचं त्यावर एकमत असेल असं आपण धरून चालतो, तसं नसतं, उलट ज्या वस्तूवर घरातल्या घरात वाद होतात तीच जास्त जिवंत असते असं मला वाटतं.

मुलगा सगळ्यात कमी बोलला. त्याला जमैका, रेगे, कायदा यातलं काही मांडायचं नव्हतं. तो कधी जमैकाला गेलेलाच नाही. म्हणाला, "मिस, मला खोक्यातले बूट देत होते. माझे काढून ते लॉकरमधे ठेवणार होते. हे कोणाच्या हातात द्यायचे नव्हते मला." बस, एवढंच. दोन दिवसांचं आयसोलेशन आणि सस्पेन्शन या एका वाक्याने वाचलं असतं.

दुसरा निर्णयबिंदू लगेच पुढे आला. एका शिक्षिकेने मनापासून सुचवलं की 22 जूनला विंडरश डे असतो (1948 मधे एम्पायर विंडरश जहाजातून कॅरिबियन लोक टिलबरी बंदरात उतरले तो दिवस), तेव्हा मुलाने असेंब्लीत या बुटांची गोष्ट सांगावी, शाळेचं आणि घरचं नातं सुधारेल. कल्पना चांगली वाटली. पण मुलाने नको म्हटलं आणि आम्ही तिथेच थांबलो, आग्रह केला नाही. ज्या वस्तूवरून त्याला वेगळं बसवलं तीच वस्तू हातात घेऊन त्याने हजार पोरांसमोर उभं राहायचं, तेही शाळेच्या समाधानासाठी, हे मला तेव्हाही योग्य वाटलं नाही आणि आताही नाही. एखाद्या मुलाची ओळख मान्य करायची तर त्याला आधी शो करून दाखव म्हणायचं नसतं.

तिसरा निर्णयबिंदू नियमाचा. आम्ही हेडटीचरांना विचारलं, स्वेड का नको? उत्तर आलं की पॉलिश होत नाही, ओलं होतं, टापटीप दिसत नाही. तेव्हा शाळेतले एक जमैकन वंशाचे मेंटॉर, जे आत्तापर्यंत गप्प होते, म्हणाले की या शाळेत पॉलिश केलेले बूट घालून येणारं एक पोरगं दाखवा, आणि मी तुम्हाला असे दहा आजोबा दाखवतो जे स्वेडवर एक डाग पडू देत नाहीत. हेडटीचर पण यावर हसले आणि तिथून बोलणं मोकळं झालं. रंगाबद्दल मात्र ते ठाम राहिले, गडद आणि एका रंगाचे बूट हवेत, आणि पॅनेलने ते मान्य केलं.

निकाल

तक्रार अर्धी मान्य झाली. भेदभाव झाला असा निष्कर्ष आम्ही लिहिला नाही, पण शोकात असलेल्या मुलाला कारण न विचारता शिक्षा दिली गेली हे स्पष्ट शब्दांत लिहिलं. सस्पेन्शन आणि अवज्ञेची नोंद काढली. हेडटीचरांनी आईला आणि आजींना बोलावून माफी मागितली, ब्रिटिश ब्रँडवालं वाक्य मागे घेतलं.

नियमाचे शब्द बदलले. आता बूट काळे किंवा गडद तपकिरी, साधे, एका रंगाचे, मोठा लोगो नसलेले, चामडं किंवा स्वेड दोन्ही चालतं. ब्रँडचं नाव कुठेच नाही, वंशाचं नाव कुठेच नाही. दुसरा बदल, कोणाचीही अंगावरची वस्तू काढून ठेवायला सांगण्याआधी कारण विचारायचं आणि घरात काही घडलंय का ते सिस्टीममधे बघायचं. खोक्यातले बूट आहेत पण घालायची सक्ती नाही.

घर समाधानी होतं का? आई पूर्ण नव्हती. तिचं म्हणणं, तुम्ही आमचं नाव न घेता नियम बदललात म्हणजे आमच्यामुळे बदलला हे पण कोणाला कळणार नाही. यात तथ्य आहे. आजींना हाच मार्ग बरा वाटला, कारण कागदावर कोणी जमैकन आणि तो बूट असं एकत्र लिहिलेलं त्यांना नको होतं, त्यांच्या तरुणपणी असं लिहिलं गेलं की पुढे काय व्हायचं ते त्यांनी पाहिलंय. मला दोघींचं पटतं आणि दोघींना एकाच वेळी समाधान देणारा शब्द आम्हाला सापडला नाही.

पुढे काय झालं ते पण लिहायला हवं. पुढच्या सत्रात वॉलबी घातलेली पोरं वाढली, त्यात सोमाली, पाकिस्तानी, गोरी सगळी, बरीचशी अमेरिकन रॅपर लोकांकडून घेतलेली स्टाइल, थोडी याच मुलाकडून. बाहेरच्या सदस्यांनी पैशांबद्दल जी भीती सांगितली होती ती काही प्रमाणात खरी ठरली, एका मुलाचे नवे बूट पीईच्या (खेळाच्या) तासाला चोरीला गेले. शाळेने जुने चांगले बूट देण्या-घेण्याची रॅक सुरू केली, ती बरी चाललीये, पण त्यात वॉलबी कोणी ठेवत नाही हे उघड आहे. आणि मुलाने स्वतः ते बूट रोज घालणं काही महिन्यांत बंद केलं, क्रेपचा तळ झिजायला लागला म्हणून. आता सुटीच्या दिवशी आणि चर्चला.

काय वेगळं करता आलं असतं

पहिल्या सोमवारी, गेटवर, एक प्रश्न. यापेक्षा मोठं काही नाही. ज्या शिक्षकाने थांबवलं त्याला रजेची माहिती दिसत असती तर त्याने नक्की विचारलं असतं, माणूस चांगला आहे.

आईच्या पहिल्या पत्राला शाळेने वस्तूच्या उगमावरून उत्तर दिलं, तिथे गाडी घसरली. हा ब्रँड ब्रिटिश आहे हे खरं, पण तो मुद्दाच नव्हता. कुठे बनला हे विचारून काही हाती लागत नाही, तसं बघितलं तर क्लार्क्सचा बहुतेक माल आता आशियात बनतो, म्हणजे तो इंग्लिश तरी कितपत उरला! विचारायला हवं होतं की तुमच्या घरात हे कोण वापरायचं, कसं वापरायचं, काय नावं होती, कोणाला पाठवायचात. आजींशी जे बोलणं झालं ते पहिल्या आठवड्यात चहावर होऊ शकलं असतं, पॅनेलची गरजच नव्हती.

पॅनेलने पण निकालपत्रात क्लार्क्स आणि जमैका यांच्या नात्याबद्दल एक परिच्छेद लिहायला हवा होता असं मला वाटतं. नियमात नाव नको हे ठीक, पण निकालात नियम का बदलला आणि घरच्यांनी आम्हाला काय शिकवलं हे लिहिलं असतं तर आईची तक्रार निम्मी तरी मिटली असती. बाकीच्या दोघांचं मत होतं की निकालपत्र छोटं ठेवावं, उद्या कोणी त्यातलं वाक्य उचलून सूट मागेल. बहुमताने तो परिच्छेद गळला.

आणि रंगाचा प्रश्न मिटलेला नाही. बेज रंगाचा, वाळूच्या रंगाचा डेझर्ट बूट हा जमैकातल्या जुन्या लोकांच्या दृष्टीने सगळ्यात खास, तो आमच्या नव्या नियमातही बसत नाही. मेंटॉरनी पुढच्या धोरण आढाव्यात हा विषय ठेवलाय, आईने त्यासाठी लेखी निवेदन दिलंय, आणि यावेळी आजींनी खाली सही केलीये.